बिनशिट्टीचं कालवण

आमच्या बिल्डिंगमध्ये कुकरच्या शिट्ट्या मोजायची पद्धत होती. मुद्दाम कुणी मोजत नसे, पण स्वयंपाकघरं एकमेकांना पाठ लावून उभी, आणि मधल्या भिंती अशा की पलीकडे कुणी लसूण ठेचला तर अलीकडच्या ओट्यावरची वाटी हलायची. त्यामुळे शिट्ट्या आपोआप मोजल्या जात. तीन म्हणजे वरण-भात. पाच म्हणजे छोले नाहीतर राजमा. रविवारी सकाळी अकराच्या सुमाराला सात-आठ झाल्या की मटण, आणि मग जिन्यात “काय, आज जोरात दिसतंय!” असं कुणीतरी म्हणायचंच. आमच्याकडेही महिन्यातून दोनदा मटण व्हायचं, पण ते बिल्डिंगला कधी ऐकू गेलं नाही. चार शिट्ट्या झाल्या की आई गॅस बंद करायची, वाफ जिरू द्यायची आणि मग नव्याने चार काढायची. ऐकणाऱ्याला वाटावं, या घरात वरण-भात दोनदा लावतात. एकदा समोरच्या लिमयेकाकूंनी विचारलंही, “तुमची डाळ शिजायला फार वेळ घेते का हो, शोभाताई? आमच्या वाण्याकडची घेऊन बघा.” आईने मुकाट्याने त्या वाण्याकडून दोन किलो तूरडाळ आणली आणि ती आम्ही पुढे तीन महिने खाल्ली.

घर म्हणजे वाशीतली दोन खोल्यांची जागा, तिसऱ्या मजल्यावर. पप्पा पावणे एमआयडीसीतल्या एका कारखान्यात फोरमन होते, आई बालवाडीत शिकवायची, मी दहावीला. आणि पप्पांची थोरली बहीण, आमची आत्या, परभणीकडच्या गावाहून आठ दिवसांसाठी म्हणून आली होती, त्याला तेव्हा चार वर्षं झाली होती. आम्ही बौद्ध. हे बिल्डिंगमध्ये सगळ्यांना माहीत होतं आणि त्यावर कधीच कुणी बोललं नव्हतं. या न बोलण्याच्या पायावर आईने आपला सगळा संसार उभा केला होता. “माहीत असतं गं सगळ्यांना,” ती मला सांगायची, “आपण आठवण करून द्यायची नाही.” म्हणून आमच्या दारापुढची रांगोळी मजल्यावर सगळ्यांत मोठी, पडदे दर पंधरा दिवसांनी धुतलेले, आणि माझ्या वेण्या इतक्या घट्ट की भुवया वर ओढल्या जाऊन मी कायम दचकल्यासारखी दिसायचे. दहावीचे सगळे फोटो तसेच आहेत.

आत्यापुढे मात्र आईचं काही चालत नसे. ती जिन्यात मोठ्याने बोलायची, गच्चीत वाळत घातलेले लोकांचे पापड मोडून चाखायची आणि वर “मीठ कमी हाय” असा निरोप पाठवायची. एकदा जेवताना म्हणाली, “काही म्हणा, मोठ्याच्या मटणाची सर ह्या बकऱ्याला न्हाई.” आई हातातला घास टाकून खिडकी लावायला धावली. मोठ्याचं म्हणजे म्हशी-रेड्याचं, गाई-बैलाचं. गावात आमच्या माणसांच्या वाट्याला पिढ्यान्‌पिढ्या आलेलं, आणि त्यावरूनच त्यांना गावाबाहेर ठेवलेलं अन्न. माझ्या आजोबांच्या पिढीने ते सोडायचं ठरवलं. काहींनी सोडलं, काहींनी जिभेपायी ठेवलं. आईच्या माहेरी ते कधीच सुटलं होतं, आत्याच्या सासरी सुटलं नव्हतं. आमच्या घरात तो विषय निघत नसे, कारण आई तो निघायच्या आत खिडकी लावायची.

समोरचं लिमयांचं दार हा आईचा खरा दागिना होता. काका बँकेतून निवृत्त झालेले. गणिताचे वेडे. रोज संध्याकाळी साडेसहाला चपला वाजवत चार पावलं चालून यायचे आणि मला फुकट बीजगणित शिकवायचे. काकू खरवसाची, अळूवडीची, कधी नुसत्या लोणच्याच्या खाराची वाटी पाठवायच्या. आई ती वाटी घासूनपुसून, त्यात चिवडा नाहीतर शंकरपाळे घालून परत करायची. दिवसभर दोन्ही दारं उघडी असायची. एखाद्या दुपारी ते दार नुसतं वाऱ्याने लागलं तरी आई कामात चुकायची. उद्या यांना आपलं काही खटकलं आणि ते दार कायमचं लागलं तर, ही एकच भीती तिला होती, आणि ती तिने घरातल्या सगळ्यांना पोलिओच्या डोसासारखी पाजली होती.

त्या वर्षी पप्पांच्या कारखान्यात हंगेरीहून एक मशीन आलं आणि ते बसवायला लास्लो नावाचा इंजिनिअर आला. उंच, खांदे पाडून चालणारा, मिशा पिवळट. मशीन दोन आठवड्यांत सुरू व्हायचं होतं, पाच झाले तरी होईना. या पाच आठवड्यांत लास्लोने केळी, पाव आणि उकडलेली अंडी एवढंच खाल्लं. हॉटेलातल्या भाजीचा एक घास घेतला की त्याला उचकी लागायची ती तासभर थांबत नसे. पप्पा रोज घरी येऊन बातमी द्यायचे, “आज त्याचा पट्टा आणखी एक भोक आत गेला.” एके दिवशी जेवणाच्या सुट्टीत लास्लोने पप्पांना आपल्या आईच्या हातच्या कालवणाबद्दल सांगितलं. अंगणात तिवईला टांगलेलं भांडं, ढीगभर कांदा, लाल मिरचीची पूड, मोठ्या जनावराचं मटण आणि चार तास मंद आच. सांगता सांगता त्याने बाहीने डोळे पुसले. रडणाऱ्या माणसापुढे आमचे पप्पा आयुष्यात कधी टिकले नाहीत. “डोन्ट टेक टेन्शन,” ते म्हणाले, “संडे, माय होम. माय वाईफ मेक.”

घरी येऊन हे त्यांनी बुटाची नाडी सोडता सोडता, खाली बघत सांगितलं. आई पोळ्या लाटत होती. लाटणं थांबलं.

“बकऱ्याचं करीन. त्याला काय कळतंय?”

“त्याला कळेल गं. तो मशीनमधलं तेल नुसत्या वासावरून ओळखतो.”

“मग कळू दे! या घरात ते शिजणार नाही. समोर कळलं तर काय तोंड दाखवू मी?”

“शब्द देऊन बसलोय, शोभा. माणूस रडला माझ्यासमोर.”

“तुमच्यासमोर कुणीही रडतं! मागच्या महिन्यात तो भंगारवाला रडला, तर घरातला चांगला पंखा देऊन आलात.”

आत्या कोपऱ्यात वाकळ शिवत बसली होती. सुईत दोरा ओवता ओवता ती म्हणाली, “मी करते की. त्यात काय हाय? पाव्हण्याच्या आईचा हात न्हाई, पर माझा तर हाय.”

“वन्सं, तुम्ही गप बसा.”

आत्या गप बसली, आणि ती गप बसते हे इतकं नवलाचं होतं की आईलाच ते सोसेना. दोन दिवस घरात भांड्यांशिवाय कुणी बोललं नाही. तिसऱ्या दिवशी आईने तीन अटी घातल्या. कुकर लावायचा नाही, कारण चार-चार करून काढल्या तरी अकरा-बारा शिट्ट्यांचा हिशेब बिल्डिंगला काय द्यायचा. खिडक्या बंद. आणि वन्संनी आठवडाभर जिन्यात पाऊल टाकायचं नाही. आत्याने तिन्ही मान्य केल्या. तिचा चेहरा माहेरचं बोलावणं आल्यासारखा फुलला होता. या घरात चार वर्षांत पहिल्यांदाच कुणीतरी तिला येत असलेली गोष्ट तिच्याकडे मागितली होती, हे मला फार उशिरा समजलं.

पप्पांनी कृती आणली ती आलेखाच्या कागदावर. लास्लोने ती मशीनच्या जोडणीसारखी काढली होती, भागांना नंबर, बाजूला बाण. ती मराठीत आणायचं काम माझ्याकडे आलं. एक : कांदा, मटणाच्या निम्मा. दोन : चरबी, आणि शेजारी डुकराचं चित्र. इथे आई स्टुलावर बसली आणि म्हणाली, “आता हेही?” त्यावर डालडा ठरला. तीन : मिरचीपूड, ती आपण घेऊन येऊ. चार : पाणी ‘ओन्ली इमर्जन्सी’. पाच : पीठ घालायचं नाही, आणि त्याखाली तीन रेघा. आत्याने सगळं ऐकून घेतलं. पाचव्याला तिने नाक मुरडलं, ते माझ्या लक्षात आलं होतं.

रविवारी सकाळी कारखान्यातल्या एका वेल्डरने मटण आणून दिलं. पप्पांनी ते वर्तमानपत्राच्या तीन थरांत गुंडाळून पिशवीत घातलं आणि वर पालकाची जुडी ठेवली. ही जुडीची युक्ती त्यांना फार आवडली होती. पहिल्या मजल्यावर लिमयेकाकू भेटल्या. “अगबाई, पालक! कुठे मिळाला इतका ताजा? मला आज मिळालाच नाही बाजारात.” पप्पा म्हणाले, “घ्या ना काकू,” आणि जुडी उचलून त्यांच्या हातात दिली. मग त्यांच्या लक्षात आलं. उरलेले दोन मजले ते पिशवीच्या तोंडावर पालथा पंजा ठेवून, काकूंशी पालकाच्या पातळ भाजीबद्दल बोलत चढले. घरात आले तेव्हा शर्ट भिजला होता.

लास्लो दहाला आला. हातात एक पत्र्याचा डबा, तो त्याने आत्यापुढे दोन्ही हातांनी धरला. आत्याने चिमूटभर पूड जिभेवर ठेवली, वाट बघितली, आणखी चिमूटभर ठेवली, पुन्हा वाट बघितली. “बया! ही मिरची हाय का कुंकू?” ती म्हणाली. “तिखटपणाचा पत्ताच न्हाई की. ह्यावरच एवढा मोठा झाला व्हय हा गडी?” मी इंग्रजीत सांगितलं की आत्याला रंग फार आवडला. मग दोघं कांदा चिरायला बसली, आत्या जमिनीवर विळी घेऊन, लास्लो स्टुलावर चाकू घेऊन. एक किलो कांदा. त्याचे डोळे गळायला लागले. “पाव्हणं आईसाठी रडायलेत का कांद्यानं?” आत्याने विचारलं. मी ते भाषांतर करून सांगितलं. तो म्हणाला, “बोथ.” हे आत्याला मी न सांगताच कळलं.

आता एक गोष्ट घडली ती सांगायलाच हवी. डालड्यात कांदा पडला, हलवत हलवत सोनेरी झाला, आणि आता मिरचीपूड घालायची. लास्लो “स्टॉप, स्टॉप” म्हणत उठला. आचेवर असताना पूड टाकली तर ती जळते, कडू होते, हे त्याला सांगायचं होतं. पण तो दोन पावलं यायच्या आत आत्याने पदराने पातेलं धरून खाली घेतलं होतं, आणि खाली घेऊन मग पूड टाकली होती. तिला कुणी सांगितलं नव्हतं. तिची आई तसंच करायची. लास्लो जागच्या जागी थांबला. मग त्याने कुठूनतरी बघून ठेवलेला नमस्कार केला, कोपरं जरा जास्तच वर नेऊन. आत्याने डोक्यावरचा पदर सारखा केला आणि म्हणाली, “बस म्हणावं आता. उगा मधी मधी येऊ नको म्हणावं.”

मटण पडलं, झाकण बसलं, आणि मग सुरू झाली आईची परीक्षा. कुकर असता तर तासाभरात सुटका होती. इथे चार तास. दुसऱ्या तासाला वास उठला. मी आजवर मटणाचे पुष्कळ वास घेतलेत, हा निराळा होता, खोल आणि गोडसर, आणि बंद खिडक्यांच्या फटीतून तो सरळ जिन्यात निघाला. एरवी आमच्याकडे कंपन्यांच्या बाजूने असा काही वास यायचा की आई देवाला न मानणारी असूनही नाकाला पदर लावून “अरे देवा” म्हणायची. त्या दिवशी तो यावा म्हणून ती गॅलरीत जाऊन उत्तरेकडे बघत होती. वारा नेमका खाडीकडून, स्वच्छ. तेव्हा तिने धूप पेटवला. एकाने भागेना म्हणून आणखी दोन निखारे. मग कुणीतरी सांगितलेलं आठवून त्यावर कडुनिंबाचा पाला. खिडक्या बंद. पाच मिनिटांत हॉलमधला माणूस माणसाला दिसेना. लास्लो खोकत होता, पप्पा त्याला “इंडियन कल्चर” म्हणून समजावत होते, आणि दाराच्या फटीतून धुराचा लोट जिन्यात निघाला होता.

दार धडाधड वाजलं. आईने उघडलं. समोर लिमयेकाका. डोक्याला ओला पंचा, हातात जिन्यात टांगलेली लाल वाळूची बादली. “बाजूला व्हा, शोभाताई! गॅस बंद केलात का? मुलगी कुठंय?” असं ओरडत ते आत शिरले आणि धुरातून उठून उभ्या राहिलेल्या लास्लोच्या पोटावर आदळले.

आग नाही, डासांसाठी धूप केलाय, असं आईने सांगितलं. दुपारी बारा वाजता. काकांनी ते ऐकलंच नाही. त्यांचं सगळं लक्ष लास्लोकडे होतं. काकांचं इंग्रजी फार उत्तम होतं आणि निवृत्तीनंतर ते बोलायला कुणीच उरलं नव्हतं. “युअर गुड नेम, सर?” म्हणत त्यांनी बादली कोपऱ्यात ठेवली, पंचा खांद्यावर टाकला आणि खुर्ची ओढली. मग नद्या, राजे, रेल्वे, युद्ध. दोन तास. आई स्वयंपाकघर आणि हॉल यांच्यामधल्या उंबऱ्यावर उभी, दोन्हीकडे लक्ष ठेवून. मी आत गेले तेव्हा आत्या येसराचा डबा उघडत होती. येसर म्हणजे धान्य, डाळी आणि मसाले भाजून दळलेलं पीठ, आमच्याकडे रश्शाला तेच लावतात. मी कागदावरच्या तीन रेघा दाखवल्या. “रेघा मारू दे त्याला,” ती म्हणाली. “बिनयेसराचं कालवण पाव्हण्याला वाढलं तर मी मेलेल्या आईला काय सांगू?” आणि दोन मुठी टाकल्या.

जेवायला पानं घेतली तेव्हा काका उठले नाहीत. लास्लोने पावाचा तुकडा बुडवला, तोंडात घातला, आणि त्याच्या कपाळाला आठ्या पडल्या. “देअर इज फ्लावर,” तो म्हणाला. फ्लावर म्हणजे पीठ. मग चमचाभर घेतलं. “माय मदर नेव्हर पुट फ्लावर.” आत्या दारात उभी होती, हनुवटी वर करून. लास्लोने तिसरा घास घेतला. चौथा घेतला. मग हळूच म्हणाला की माझी आई आता नाही, तिला कळायचं कारण नाही, आणि ताट पुढे केलं. पप्पा इतक्या जोरात हसले की त्यांना ठसका लागला. आत्या वाढायला आली, आणि वाढता वाढता तिने त्याच्या पाठीवर एक थाप मारली.

काकांचे डोळे ओले झाले होते. ते खुर्ची पुढे सरकवत म्हणाले, “काय वास आहे हो! मटण ना?”

“मटण,” पप्पा म्हणाले. “म्हणजे... मटणच.”

“मग मलाही वाढा थोडं. बघताय काय? बँकेच्या नोकरीत गावोगाव फिरलोय, सगळं शिकलोय. फक्त हिला सांगू नका.” आणि त्यांनी स्वतःच डावाने वाटीत रस्सा घेतला, वर दोन फोडी घेतल्या आणि पाव मोडला.

पप्पांनी वर बघितलं. आमच्या हॉलच्या छताला बघण्यासारखं काही नव्हतं, पंखा तर भंगारवाल्याकडे होता. आत्या आईकडे बघत होती. मी, खरं सांगायचं तर, मनातल्या मनात म्हणत होते, खाऊ देत. खाल्लं की संपलं. कुणाला कळणार आहे? काकांनी पाव बुडवला, उचलला, त्यावरून लाल थेंब वाटीत पडला.

“काका, थांबा.”

आईचा आवाज मी ओळखला नाही. ती उंबऱ्यावरून पुढे आली होती. “ते बकऱ्याचं नाही. मोठ्याचं आहे, म्हशीचं. आमच्या घरात आज ते शिजलंय.”

काकांचा हात तोंडापाशी थांबला. लास्लोने “प्रॉब्लेम?” असं विचारलं. काकांनी तो घास वाटीत ठेवला, सावकाश, सांडू न देता. उठले, बेसिनपाशी जाऊन हात धुतले. फार वेळ धुतले. मग लास्लोला “एक्स्क्यूज मी, सर” म्हणाले, कोपऱ्यातली वाळूची बादली उचलली आणि गेले. समोरचं दार लागलं. त्यांनी ते आपटलं असतं तर आम्हाला बरं वाटलं असतं. कडी मात्र व्यवस्थित लावल्याचं ऐकू आलं.

हे लिहिताना मी आत्ता खिडकी लावून घ्यायला उठले होते. हल्ली कुणाच्या पातेल्यात काय आहे याची चौकशी करणारी माणसं पूर्वीपेक्षा वाढलीत, आणि ती वाळूची बादली घेऊन येत नाहीत. मग माझं मलाच हसू आलं आणि खिडकी उघडी ठेवून परत बसले. पप्पांना मी त्या छताकडे बघण्यावरून शेवटपर्यंत चिडवत राहिले. ते म्हणायचे, “मी विचार करत होतो.” त्यांचा तो विचार अजून पुरा झालेला नाही.

समोरचं दार दुसऱ्या दिवशी उघडलं नाही. तिसऱ्या दिवशीही नाही. काका-काकू घरात होते, त्यांच्या तीन शिट्ट्या रोज ऐकू येत होत्या. साडेसहाला मी वही उघडून बसायचे आणि सात वाजता मिटायचे. मशीन सुरू झालं, लास्लो पट्ट्याची दोन भोकं परत मिळवून आपल्या देशी गेला, आणि आई रोज सकाळी पहिल्यासारखीच मोठी रांगोळी काढत राहिली. तिने पप्पांना बोल लावला नाही, आत्यालाही नाही, आणि त्याचीच आम्हाला जास्त भीती वाटली. एका संध्याकाळी मी चिडून म्हणाले, “कशाला सांगितलंस? एवढी वर्षं एवढं लपवलंस, आणि नेमकं तेव्हाच?” ती तांदूळ निवडत होती. “ते जेवायला बसले होते गं,” ती म्हणाली. “जेवायला बसलेल्या माणसाला फसवायचं?” मग बराच वेळ तिने ताटातला तोच तांदूळ पुन्हा निवडला. मला त्या वयात तिचं म्हणणं पटलं नाही. मला बीजगणित हवं होतं.

नवव्या दिवशी दुपारी बेल वाजली. लिमयेकाकू दारात, आत न येता उभ्या. आईच्या हाताला पीठ होतं, ती तशीच गेली. आत्या आणि मी स्वयंपाकघराच्या दारामागे.

“शोभाताई,” काकू म्हणाल्या, “ह्यांचं जेवणावरून मन उडालंय.”

“मला माफ करा, काकू. मी त्यांना—”

“अहो, ऐका तरी. काही केलं तरी म्हणतात, ह्याला तो वास नाही. नऊ दिवस मी भाज्या करतेय आणि हा माणूस ताटावर बसून वास घेतोय! मला पहिल्या दिवशी सगळं सांगितलं त्यांनी. मी चिडले, नाही म्हणत नाही. दोन दिवस बोलले नाही त्यांच्याशी. पण मग मला वाटलं, तुम्ही गप्प बसला असतात तर मला कधी कळलं असतं का?” त्या पदराचं टोक बोटाला गुंडाळत होत्या. “ते कांद्याचं आणि लाल मिरचीचं जे काय होतं, ते बटाट्याचं करता येईल का?”

आई बोलायच्या आत दारामागून आत्या ओरडली, “व्हतंय की! बटाट्याचं लई झ्याक व्हतंय!”

“भांडं मात्र आमचं,” काकू घाईने म्हणाल्या, आणि बोलल्यावर त्यांनाच ते कसंतरी झालं. चेहरा लाल झाला. “म्हणजे असं करा, तुम्हीच या ना आमच्याकडे. आमच्याच ओट्यावर करा. मला शिकायचंच आहे.”

“भांडं तुमचं घ्या, पर मसाला आमचाच!” आत्या म्हणाली आणि येसराचा डबा आईच्या हातात कोंबला. लास्लोने जाताना ठेवलेला लाल पुडीचा डबाही वर ठेवला.

या बिल्डिंगमध्ये राहायला येऊन पाच वर्षं झाली होती, पण आई लिमयांच्या हॉलच्या पुढे कधी गेली नव्हती. कुणी अडवलं नव्हतं, कुणी बोलावलंही नव्हतं. आता ती दोन डबे छातीशी धरून चार पावलं चालली आणि आत दिसेनाशी झाली. मी दारात उभी राहून ऐकत होते. कांदा चिरल्याचा आवाज आला, मग फोडणीचा, मग काकूंचा, “अगबाई, खाली उतरवून का?” आणि आईचं उत्तर, बालवाडीतल्या पोरांना सांगावं तसं, समजावून, “नाहीतर जळतं ना, काकू.” आज मला या सगळ्याचा रागही येतो. एका माणसाला दुसऱ्याच्या ओट्यापाशी उभं राहायला मिळालं, याचं एवढं काय? ते भांड्याचं वाक्य तर अजून टोचतं. पण त्या दुपारी मी दाराला चिकटून उभी होते आणि तिकडचा एकही आवाज सुटू देत नव्हते, हेही तितकंच खरं आहे.

दीड तासाने आई परत आली. डबे ओट्यावर ठेवले, पाट ओढला आणि बसली.

“खाल्लं का काकांनी?” मी विचारलं.

“दोनदा घेतलं,” ती म्हणाली. “मला म्हणाले, तुम्हीही बसा. ओट्यापाशीच बसलो तिघं.” एवढं बोलली आणि रडायला लागली. आवाज न करता रडायची सवय होती तिला, पण त्या दिवशी आवाज करून रडली, खिडकी उघडी होती तरी.

आत्या घाबरून पुढे आली, पदराने तिचं तोंड पुसायला लागली. “काय झालं गं? मीठ ज्यास्त पडलं का?”

“नाही वन्सं,” आई म्हणाली. “बरोबर पडलं.”